बियाला ठेवलेलं बोंड

“दुधाचं पातेलं कशाला हलवताय?” बनुबाईनं विचारलं.

मच्छिंद्र मुकादम फ्रीजपुढं उकिडवे बसले होते. हातात ओल्या फडक्याची पुरचुंडी होती आणि ती ठेवायला फ्रीजमध्ये जागा नव्हती.

“पातेलं वर सरकव. हे खाली ऱ्हाईल, भाजीच्या खनात.”

“हे म्हंजे काय?”

“बी हाय. मोड आलेलं. संस्कृतीनं दिलेलं.”

“मोड आले की आपन उसळ करतो. तुमी फ्रीजमधी घालताय.”

“ह्याला थंडी लागाय लागती. लहानपनी थंडी खाल्ल्याबिगर बोंड धरत न्हाई ते. परदेशातलं हाय.”

“मिरजगावात आलं ना? मग मिरजगावचं ऊन खाईल.”

मुकादमांनी कोथिंबिरीची जुडी उचलून बनुबाईच्या हातात दिली आणि तिच्या जागी पुरचुंडी ठेवली. गणपती नुकतेच उठले होते, उकाडा मरणाचा होता. त्या दिवसांत कोथिंबीर बाहेर माठाजवळ पिवळी पडत राहिली आणि परदेशी बी गारव्याला झोपून राहिलं.

बी आर्टिचोकचं होतं. मुकादमांची धाकटी लेक संस्कृती पुण्यात एका मोठ्या हॉटेलच्या स्वयंपाकघरात कामाला आहे. तिथं ही भाजी येते. कमळाच्या कळीएवढी, हिरवी, खवल्याखवल्यांची. खरं म्हणजे ते न उमललेलं फूल. आपल्या करडईचंच भावंड, पण श्रीमंताघरी दिलेलं. मागच्या वर्षी बनुबाई लेकीकडं राहायला गेली होती तेव्हा संस्कृतीनं एक घरी आणलं, उकडलं, आणि खोलीतल्या मैत्रिणींसह सगळ्यांनी मिळून खाल्लं. बनुबाईच्या वाट्याला दोन पाकळ्या आल्या. पाकळी दातानं खरवडायची, बुडाशी चिकटलेला गर तेवढा खायचा आणि बाकीची टाकून द्यायची. चव काय आहे हे कळायला लागलं आणि ताटली रिकामी झाली. मधला गड्डा म्हणे सगळ्यात गोड. तो कुणी खाल्ला ते बनुबाईला ठाऊक होतं, पण पाहुणी म्हणून गेलेली बाई असल्या गोष्टी बोलत नाही.

मुकादमांबद्दल सांगायचं तर त्यांची सगळी नोकरी सरकारी बियाण्याच्या फार्मावर गेली. तिथं शेतात बी पिकवतात, धान्य नाही. मजुरांची टोळी घेऊन ओळीनं फिरायचं, भेसळीचं झाड उपटायचं आणि जे झाड जातिवंत दिसेल त्याला लाल फडकं बांधायचं. फडकं बांधलेल्या झाडाला कुणी हात लावायचा नाही. ते बियाला ठेवलेलं. मुकादमांची नजर चांगली होती, गाठही पक्की होती. निवृत्त झाले, शेत वाट्यानं दिलं, पण फडकं काही हातातून सुटलं नाही.

परसात वेल चढला की पहिला, सरळ, नितळ दुधी हेरून त्याला फडकं. तो वेलावरच थोराड होणार, वाळणार, शेवटी ढोलकीसारखा वाजणार. काकडीचं तेच, वांग्याचं तेच, घेवड्याचा तर आख्खा पहिला बहर बियाला. मोठी अंडी खुडूक कोंबडीखाली जायची. घरात शिजायचं ते वाकडं, बारकं, पाखरानं टोचलेलं. बनुबाईला भावानं एक जरीची साडी घेतली होती. मुकादम म्हणाले, पूजाच्या लग्नात नेस. थोरल्या पूजाचं लग्न आलं तेव्हा म्हणाले, एवढी नवीकोरी आत्ताच कशाला मोडतीस, संस्कृतीच्या लग्नात नेस. संस्कृती लग्नाचं नाव काढत नाही आणि साडी ट्रंकेत.

म्हणजे मुकादम कंजूष होते का? मुळीच नाही. पाऊस तोंडावर आला की आळीतल्या बाया दारात यायच्या. मुकादम कागदाच्या पुड्या बांधून सगळ्यांना फुकट बी द्यायचे, वर लागण कशी करायची तेही सांगायचे. मिरजगावात निम्म्या परसांतला दुधी मुकादमांच्या बियाचा. लोक दुधीचे काप करायचे, हलवा करायचे, आणि खाताना आठवणीनं म्हणायचे, बी मुकादमांचं. वाटणी सरळ होती. बी गावाला, नाव मुकादमांना, वाकडं बनुबाईला.

बनुबाईनं ही वाटणी कधी बोलून दाखवली नाही. तिला पाठ होती, एवढंच.

दसऱ्यानंतर रोपं परसात आली. मुकादमांनी जागा हेरली, वाफा कसा उंच करायचा ते सांगितलं, शेणखत किती घालायचं ते सांगितलं. केलं बनुबाईनं. ऑक्टोबरच्या उन्हानं पानं माना टाकायला लागली तेव्हा तिनंच चार काठ्या रोवून जुन्या साडीची सावली केली. मोरीच्या पाण्याकडच्या अंगाला लावलेली रोपं कुजून गेली. तेव्हा मुकादम म्हणाले, पाणी जास्त झालं. मोरी कुठं जाते हे त्यांना लग्नापासून माहीत होतं आणि जागा त्यांनीच दाखवली होती, हे बनुबाईनं मनातल्या मनात टिपलं आणि उरलेल्या एका रोपाला दुरून कळशीनं पाणी आणून घालायला लागली.

शेजारची रतनबाई कुंपणावरून सगळं बघत होती. रोप कमरेला आलं, राखाडी-चंदेरी पानं हातभर लांब पसरली, तेव्हा तिला राहवेना.

“बने, ही उंटकटारी हाय की गं. शेतात उगवली तर खुरप्यानं काढून बांधावर फेकतो आपन. तू तिला साडीची सावली केलीस?”

“जुनी हाय ती. नवी ट्रंकेत हाय.”

“आन् खायचं काय ह्याचं? पानं?”

“बोंड.”

“करडईचं बोंड कुनी खातं का? काटं टोचून जीभ फाटंल.”

“पुन्यात खात्यात.”

“पुन्यात काय, पैसं दिलं की कायबी खात्यात,” रतनबाई म्हणाली, पण दुसऱ्या दिवशी पानांवर मावा पडलेला तिलाच आधी दिसला आणि साबणाचं पाणी मारायला तीच आली. दोघींनी मिळून पानाच्या पाठी पुसल्या. मुकादम ओट्यावर बसून, कोवळी पानं दुखवू नका म्हणून सांगत होते.

संक्रांत गेली, थंडी टिकून राहिली, आणि एके सकाळी पानांच्या मधोमध मुठीएवढी गाठ दिसली. आठवडाभरात ती वर आली. जाड देठावर ताठ उभी, खवले एकावर एक घट्ट बसलेले, टोकांना किंचित जांभळी झाक. बनुबाईनं संस्कृतीला व्हिडिओ कॉल लावला आणि मोबाईल बोंडापुढं धरला.

“आई, काय भारी आलंय गं! आमच्याकडं येतात त्यांच्यापेक्षा चांगलं आहे. अजून थोडं वाढू दे. पण घट्ट आहे तोवरच काढा हां. खवले सुटायला लागले की संपलं. ऊन वाढलं की फार लवकर उघडतं ते, मग चावत नाही.”

“काढू की,” मुकादम मागून म्हणाले.

बनुबाईनं मोबाईल स्वतःकडं वळवला. लेकीकडं बघत, पण ऐकू जाईल अशा बेतानं ती म्हणाली, “पयलं बोंड मी खानार हाय. आख्खं. गड्ड्यासकट.”

संस्कृती हसली. “खा ना आई. बाबा, ऐकलं ना?”

“बघू की,” मुकादम म्हणाले.

बनुबाईनं आयुष्यात घरच्या माणसांकडं काही मागितलं असेल तर ते एवढंच, आणि तेही साक्षीदार ठेवून. ‘बघू की’ हा शब्द तिच्या ओळखीचा होता. साडीच्या वेळीही तोच होता.

दोन दिवसांनी ती सकाळी परसात गेली तर बोंडाच्या देठाला लाल फडकं.

सकाळचा चहा अजून व्हायचा होता, म्हणून आधी चहा केला. कप मुकादमांपुढं ठेवला आणि मग विचारलं.

“फडकं कशापायी?”

“जातिवंत आलंय. बियाला ठेवू.”

“मी खानार म्हनलं हुतं.”

“बाजूनं दोन फुटल्यात की. ती खा. पयलं कुनी खातं का?”

“हायब्रीड हाय ना हे? पाकिटावर हुतं. संस्कृतीनं वाचून दावलं हुतं.”

मुकादमांनी बशीत चहा ओतला. “हाय.”

“हायब्रीडचं बी धरू नये, पुढं कायबी निपजतं, असं तुमीच सांगत फिरायचा. गोरक्षच्या बानं धरलं हुतं टमाट्याचं तर तुमी त्याला पारावर सगळ्यांच्या म्होरं बोलला हुता.”

मुकादम बराच वेळ बशीवर फुंकर घालत राहिले. चहा तेवढा गरम नव्हता.

“चांगल्या बोंडाला फडकं नसलं की मला चैन पडत न्हाई,” ते शेवटी म्हणाले.

हे खरं होतं. ह्या बियाचा उपयोग नाही हे त्यांना ठाऊक होतं, तिला ठाऊक होतं, आणि फडकं तरीही होतं. इतकी वर्षं तिला वाटत होतं की आपण बियासाठी वाकडं खातोय.

बाजूच्या फुटव्यांपैकी एक बोंड लिंबाएवढं झालं, मग पेरूएवढं. बनुबाई रोज सकाळी त्याला बोटानं दाबून बघायची. उद्या काढू असं तिच्या मनात ठरलं त्याच दुपारी सूर्यभान आला. हा फार्मावर मुकादमांच्या बरोबरीनं होता. आता हायवेवरच्या एका खताच्या दुकानात दिवसभर बसतो. विकत काही नाही, बोलतो, आणि तो बोलतो म्हणून लोक थांबतात.

तो रोपाभोवती फिरला. खाली वाकून बुंधा बघितला, वर होऊन फडकं बघितलं, मान डोलावली.

“मुकादम, हे आख्ख्या तालुक्यात कुनाकडं न्हाई.”

बस्स. बनुबाई चहाचे कप घेऊन दारात आली तेव्हा मुकादमांच्या हातात खुरपं होतं आणि बाजूचं बोंड सूर्यभानच्या ओंजळीत होतं.

“काय करायचं ह्याचं?” सूर्यभानानं विचारलं.

“करायचं काय? दुकानात ठिवा. लोकास्नी दावा.”

“वैनी, मालक लई दिलदार हायेत हां तुमचे,” सूर्यभान कप घेत म्हणाला.

“व्हय,” बनुबाई म्हणाली. “देन्यात त्यांचा हात कुनी धरायचा न्हाई.”

सूर्यभानाला ते कौतुकच वाटलं. मुकादमांना काय वाटलं ते त्यांनी चहात बुडवलं.

आठवड्यानं बनुबाई दळण घेऊन हायवेकडं गेली. खताच्या दुकानाच्या काउंटरवर, कीटकनाशकाच्या बाटल्यांच्या रांगेत, बोंड ठेवलेलं होतं. खवले तपकिरी पडून मिटले होते, देठ वाळून वाकला होता. एका गिऱ्हाइकानं ते उचललं, फिरवून बघितलं, काटा टोचला तसं परत ठेवलं. बनुबाई गिरणीत गेली आणि दळण होईपर्यंत पाठमोरी बसली.

तिसरं बोंड तर वाढलंच नाही. होळीच्या आधीच ऊन तापायला लागलं होतं. ते सुपारीपेक्षा जरा मोठं झालं आणि तेवढ्यातच उघडून जांभळं फुललं. मधमाश्या आल्या. मुकादमांनी त्या कौतुकानं बघितल्या.

राहिलं ते फडक्याचं. थोरलं, ताठ, आता दोन मुठींएवढं.

त्या सोमवारी मुकादमांना राशीनला लग्नाला जायचं होतं. धुतलेलं धोतर, इस्त्रीचा सदरा, टोपी घालून ते निघाले आणि जाता जाता परसात डोकावले. बोंडाच्या अगदी खालच्या खवल्यांनी देठापासून जरा अंग सोडलं होतं.

“दोन-चार दिसांत फुलंल,” ते म्हणाले. “पानी घाल.”

“घालते.”

एसटी गेल्याचा आवाज हायवेवरून आला. बनुबाईनं कळशी भरली आणि रोपाला पाणी घातलं. मग रिकामी कळशी खाली ठेवून ती बोंडापुढं उभी राहिली. आज काढलं तर आहे, परवा नाही. एवढाच तो विचार होता आणि तो करायला तिला फार वेळ लागला नाही.

विळ्यानं देठ तोडायचा तर फडकं आड येत होतं. कापडही विळ्यानं तुटलं असतं. तिनं तसं केलं नाही. ती पालथ्या बादलीवर बसली आणि नखांनी गाठ सोडवायला लागली. मुकादमांची गाठ होती ती, वाऱ्यापावसात न सुटणारी. आधी एक पदर ढिला झाला, मग दुसरा. सुटलेलं फडकं तिनं साबण लावून धुतलं, पिळलं आणि दोरीवर वाळत घातलं. मग देठ तोडला.

खवल्यांची काटेरी टोकं कात्रीनं कापली. मोठ्या पातेल्यात मीठ घालून बोंड उकडत ठेवलं. घरभर वास सुटला, थोडा करडईच्या कोवळ्या भाजीचा, थोडा उकडलेल्या शेंगांचा. पाकळी सहज निघायला लागली तसं तिनं ते पाहुण्यांसाठी राखलेल्या ताटात काढलं, वाटीत घाण्याचं करडईचं तेल आणि ठेचलेला लसूण घेतला, आणि स्वयंपाकघरात भिंतीला टेकून बसली.

एकेक पाकळी ओढायची, तेलात टेकवायची, दातांत धरून ओढायची. बाहेरच्या पाकळ्यांना गर नावालाच होता, चिवटही होता. आत जावं तसा वाढत गेला. कुणी वाट बघत नव्हतं, कुणाला वाढायचं नव्हतं. खरवडलेल्या पाकळ्यांचा ढीग ताटाच्या कडेला साठत गेला.

मुकादम लवकर परतले. जेवण झाल्या झाल्या कुणाची तरी जीप मिरजगावकडं येत होती. ते नेहमीप्रमाणं आधी परसात गेले. बनुबाईला त्यांची पावलं ऐकू आली. पावलं वाफ्यापाशी थांबली. मग दोरीपाशी थांबली. तिनं पुढची पाकळी ओढली.

ते दारात आले. कपाळावर लग्नाघरचं गंध होतं.

“काढलंस?”

“व्हय.”

“मी सांगून गेल्तो.”

“पानी घालाय सांगितलं हुतं. घातलं.”

मुकादमांनी टोपी काढली. कुठं ठेवावी ते सुचेना, तेव्हा ती गुडघ्यावर घालून ते उंबऱ्याशीच बसले. बनुबाई थांबली नाही आणि तिनं घाईही केली नाही. पाकळ्या आता पातळ, पांढुरक्या झाल्या होत्या, मग त्याही संपल्या. खाली गड्डा होता आणि गड्ड्यावर दाट, मऊ, केसांसारखा तूस. हा तूस खायचा नसतो, घशात अडकतो. संस्कृतीनं सांगितलं होतं, चमच्यानं खरवडून काढायचा. बनुबाईनं तो कडेकडेनं सगळा काढला, एका बशीत घेतला आणि बशी मुकादमांपुढं सरकवली.

“हे तुमचं.”

मुकादमांनी बशीकडं बघितलं.

“हे फुलून वाळलं असतं तर बी झालं असतं,” ती म्हणाली. तिच्या आवाजात टोमणा नव्हता. वाटणी करताना बाई जशी बोलते तशी ती बोलली.

मुकादमांनी तूस तळहातावर घेतला. अंगठ्यानं चोळला, जसा फार्मावर कणसाचा नमुना चोळायचे तसा, आणि तळहात डोळ्यांजवळ नेला. दाणा कुठंच नव्हता. सवयीनं त्यांनी हलकी फुंकर मारली. अर्धा तूस उडाला, अर्धा ओला होता तो इस्त्रीच्या सदऱ्याला चिकटला.

बनुबाईनं गड्ड्याचे चार तुकडे केले. ‘घ्या थोडं’ हे शब्द तोंडाशी आले होते. चाळीस वर्षं ते आपोआप यायचे. तिनं ते पहिल्या घासाबरोबर गिळले. गड्डा बटाट्यासारखा भरीव होता, पण बटाट्यात नसतं असं काहीतरी त्यात होतं. ती ते शोधत खात राहिली. चौथा तुकडा तिनं वाटीतल्या शेवटच्या तेलाला पुसून खाल्ला.

मग माठातलं पाणी घेतलं. एक घोट घेऊन ती थांबली, फुलपात्रात बघितलं, पुन्हा एक घोट घेतला. आवळा खाऊन पाणी प्यावं तसं झालं होतं.

“पानी गोड लागतंय,” ती म्हणाली.

मुकादम उठले. फुलपात्र तिच्या हातातून घेऊन माठात बुडवलं आणि उभ्या उभ्या प्याले, सगळं. त्यांनी खाल्ला होता तो लग्नातला भात आणि बुंदी.

“व्हय,” ते म्हणाले. “लई गोड हाय.”

बनुबाईनं मान वर करून त्यांच्याकडं बघितलं. मग पाकळ्यांचं ताट उचलून ती मोरीकडं गेली.